एकच गवत तिन्हीकडे? आधी कापणारा कोण ते सांगा

प्रश्न असा आलाय: "पारनेर तालुक्यात साडेतीन एकर जमीन आहे. एक एकर विहिरीखाली, दोन एकर मुरमाड उतार पडीक, बाकीत घर आणि थोडा कांदा. गोठ्यात चार संकरित होल्स्टिन गाई आणि आठ शेळ्या. उतारावर जनावरं सोडता यावीत, उन्हाळ्यासाठी वाळलेली वैरण घरची व्हावी आणि घरासमोरच्या १,२०० चौरस फुटांत लॉन करावं असं मनात आहे. व्हिडिओत सुपर नेपियर पाहिलं. तेच सगळीकडे लावलं तर? नाहीतर तिन्हीला चालेल असं एक गवत सुचवा."

तसं गवत नाही. का नाही हे कळलं की निम्मी निवड आपोआप होते, म्हणून आधी तेवढं सांगतो.

तुमच्या बांधावर हरळी असणारच. तिचा एक धावता फाटा उपटून हातात घ्या. जमिनीला चिकटून सरपटणारी दोरी, दोन-तीन बोटांवर एकेक पेरं, पेऱ्याखाली मुळ्या आणि वर बारीक कोंब. आता शेजाऱ्याच्या मळ्यातून नेपियरचं एक वाढलेलं ताट आणा आणि उभं चिरा. पुढची सगळी पानं जिथून निघतात तो मऊ, पांढरा कोंब कमरेच्या उंचीवर सापडेल. हरळीचा तोच कोंब मातीला लागून असतो. गाय जिभेने वेटोळं घालून ओरबाडते, मेंढी जमिनीलगत कातरते, माणूस विळ्याने वीतभर वर कापतो, लॉनचं यंत्र आठवड्याला इंच-दीड इंच ठेवून छाटतं. ज्या गवताचा कोंब या पात्याखाली सुरक्षित राहतो ते तग धरतं. ज्याचा कोंब तुटतो त्याला दर वेळी बुडातून, साठवणीतल्या शिदोरीवर नव्याने उठावं लागतं. महिना-दीड महिना विश्रांती मिळाली तर ते जोमाने उठतं. रोज तोंड पडलं तर तीन महिन्यांत बसतं.

त्यामुळे माझा पहिला प्रश्न नेहमी हाच असतो: कापणार कोण, आणि किती दिवसांनी? पाऊस आणि माती त्यानंतर. टनांचा आकडा सगळ्यात शेवटी. व्हिडिओत तो सगळ्यात आधी येतो, कारण तिथे कांड्या विकायच्या असतात.

आता तुमचा उतार. माझा जीव तिथेच जास्त रमतो, आणि लोक चुकतातही तिथेच जास्त.

तिथे नेपियर लावू नका. पाणी नाही, माती नाही, आणि गाई सोडल्या तर त्या खाण्यापेक्षा जास्त मोडतील. नांगरूही नका. उतारावरचा मुरूम एकदा नांगराने उलटला की जी चार बोटं माती आहे ती पहिल्याच वळवात ओढ्याला जाते. आधी ऑगस्टच्या शेवटी एक सकाळ काढा आणि उतारावर आडवे-उभे हिंडून काय उगवलंय ते बघा. दख्खनच्या माळावर मूळची चांगली गवतं म्हणजे पवन्या, मारवेल, शेडा, डोंगरी. चराई अति झाली की जनावर आधी हीच गवतं संपवतं, मग कुसळी माजते, आणि शेवटी तरवड व गाजरगवत उरतं, कारण त्यांना कुणी तोंड लावत नाही. तरवडाची पिवळी फुलं फार दिसायला लागली की समजायचं, माळ थकलाय.

ओळख सोपी आहे. मारवेलच्या ताटावरून बोट फिरवा. पेऱ्यापाशी पांढऱ्या लवेचं कडं लागेल, बांगडी घातल्यासारखं. फुलोरा जांभळट, बोटं पसरल्यासारखा. पवन्याच्या काडीला शेंड्यावर एकच कणीस असतं आणि त्यावर रुपेरी झाक. अंजन गवताचा फुलोरा बाटली घासायच्या ब्रशसारखा. कुसळी ओळखायला डोळे लागत नाहीत, पायजमा पुरतो. तिची काळपट कुसं एकमेकांत वळून वेणी होते. ओल लागली की कूस पिळा सोडतं, वाळलं की पुन्हा घेतं, आणि त्या पिळाने टोकदार बी जमिनीत भोक पाडत जातं. जमिनीऐवजी मेंढीची कातडी मिळाली तर तिच्यातही.

हिंडताना दर दहा-बारा पावलांवर पवन्या किंवा मारवेलचा एखादा ठोंब दिसला, तर बियाण्यावर एक रुपया घालू नका. कुंपण करा आणि दोन पावसाळे जनावर आत सोडू नका. तुमच्या जिल्ह्यातल्याच हिवरे बाजारने कुऱ्हाडबंदी आणि चराईबंदी करून हेच केलं. जनावर आत नाही, विळा घेऊन माणूस आत. चांगल्या गवतांचे ठोंब दगडांच्या खबदाडात, निवडुंगाच्या आडोशाला जीव धरून असतातच, त्यांना फक्त बी धरायला एक हंगाम द्यावा लागतो. हा सल्ला ऐकून समोरच्याचा चेहरा पडतो हे मला ठाऊक आहे. काहीतरी आणून लावल्याशिवाय आपल्याला काम केल्यासारखं वाटत नाही.

काहीच चांगलं उरलेलं नसेल तर मात्र पेरा. ५०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस आणि उघडा मुरूम असेल तर माझी पसंती अशी: वरच्या हलक्या भागात अंजन आणि पवन्या, त्यांच्यात स्टायलो, खाली जिथे काळपट माती साचलीय तिथे आणि बांधांवर मारवेल. अंजन सगळ्यात लवकर धरतं आणि अवर्षणाला दाद देत नाही. पवन्या हळू लागतं, पण चवीला त्याच्यासारखं दुसरं नाही. गाईसमोर दोन्ही पेंढ्या टाकून बघा, आधी कोणती उचलते ते. घोडी पाळायचा विचार असेल तर अंजन फार देऊ नका. त्यातल्या ऑक्झलेटने घोड्याच्या हाडांतला चुना, म्हणजे कॅल्शियम, कमी होतो. गाईगुरांचं पोट ते बऱ्यापैकी पचवतं.

मारवेलमध्ये राहुरीच्या कृषी विद्यापीठाचे फुले मारवेल ०६-४० आणि फुले गोवर्धन हे वाण मिळतात. मारवेल बियाण्यापेक्षा ठोंबांनी चांगलं लागतं. जुना बुंधा फोडून दोन-तीन फुटव्यांचा एकेक ठोंब करायचा, वरचं पान वीतभर ठेवून छाटायचं आणि जूनच्या दुसऱ्या-तिसऱ्या चांगल्या पावसावर बांधावर फुटाफुटावर लावायचा. बांध घट्ट धरून ठेवतं आणि हरळीसारखं शेतात घुसखोरी करत नाही.

गवताचं बी पेरायला ज्वारी पेरणारा हात चालत नाही. अंजनचं बी म्हणजे केसाळ कोंडा, हातातून वाऱ्यावर जातं. ते पाचपट ओलसर मातीत किंवा रेतीत चोळून घ्या. उताराला आडव्या, दोन-दोन फुटांवर कुदळीने उथळ ओळी ओढा आणि त्यात टाका. एकरी दोन किलो पुरतं. वर माती लोटू नका, बाभळीचा फाटा ओढला तरी पुरे. अर्ध्या इंचाखाली गेलेलं बी वर येत नाही. आणि अंजनचं ताजं बी घेऊ नका. या गवताचं बी पिकल्यावर कित्येक महिने झोपलेलं असतं. वर्षभर ठेवलेलं बी उगवतं, यंदाचं कोरं बी तसंच पडून राहतं आणि आपण दुकानदाराला शिव्या देतो. मीही दिल्या आहेत. पुढच्या वर्षी त्याच ओळी हिरव्या झाल्या तेव्हा गप्प बसलो.

स्टायलो हे द्विदल. गवताच्या जोडीला ते हवं, कारण मुरमात नत्र नावाला नसतं आणि नुसत्या गवतात प्रथिनं कमी पडतात. त्याच्या बियाण्याचं कवच कडक असतं. पाणी उकळून खाली उतरवा, उकळी बसू द्या, ८० अंशांच्या आसपास आलं की त्यात बी चार-पाच मिनिटं ठेवून लगेच गार पाण्यात टाका. सावलीत सुकवून, रायझोबियम हे जिवाणू खत चोळून पेरा. पहिल्या वर्षी ते गवतात शोधावं लागतं. दुसऱ्या वर्षी, दिवाळीनंतर सगळं गवत पिवळं पडलेलं असताना खाली हिरवा थर दिसतो तो याचाच.

पेरलेल्या कुरणात पहिलं वर्ष जनावर नाही. गवताला बी धरू द्या, झडू द्या, मग वरवर कापा. दुसऱ्या वर्षी विळा. तिसऱ्या वर्षापासून चराई, तीही उताराचे चार तुकडे करून, एकेक तुकड्यात थोडे दिवस. गवत चार बोटांवर आलं की बाहेर काढायचं. तिथे गाय उपाशी दिसते आणि मालकाचा जीव कळवळतो, पण वर जेवढं पान ठेवाल तेवढीच खाली मुळी राहते, आणि मे महिना मुळीच्या जोरावर काढायचा असतो.

तरी खरं सांगू का, तुमच्या होल्स्टिन गाई उतारावर सोडूच नका. चार गाई दोन एकर मुरूम तीन आठवड्यांत धुऊन काढतील, उन्हात धापा टाकतील, गोचीड घेऊन येतील आणि संध्याकाळी दूध कमी देतील. उतार वाळल्या वैरणीसाठी राखा. कापणी झाल्यावर, दिवाळी ते संक्रांत, भाकड गाय आणि कालवडी बुडख्यांवर फिरू द्या. तेवढी चराई कुरणाला मानवते.

आता वाळवण. दोन एकर सुधारलेल्या कुरणातून बेताच्या पावसाला तीनेक टन वाळलेलं गवत धरा. चार गाईंना रोज पाच-पाच किलो म्हटलं तर २० किलो, म्हणजे १५० दिवस. फेब्रुवारी ते जून निघतो. पण हे गणित कधी कापलं यावर उभं आहे. फुलोऱ्यात कापलेल्या पवन्या-मारवेलमध्ये ६ ते ७ टक्के प्रथिनं असतात. तेच गवत उभं वाळवून डिसेंबरात कापलं तर २ ते ३ टक्के उरतात. तेव्हा ते पोट भरतं, एवढंच. आपल्याकडे बहुतेक गवत दुसऱ्या पद्धतीने कापलं जातं, कारण दसऱ्याला माणसं सोयाबीन-बाजरीत अडकलेली असतात आणि डिसेंबरात मोकळी असतात.

माझा नियम: निम्मं कुरण निसवलं की विळा लावायचा. तुमच्या भागात हे साधारण दसरा ते कोजागिरीच्या मध्ये येतं. कुसळी असेल तर त्याहून आधी, कुसं कडक व्हायच्या आत. मग तीही गाय खाते. उशीर केला तर ती कुसं हिरड्यांत रुततात. परतीचा पाऊस आडवा येतो हे खरं. तीन दिवसांची उघडीप दिसेपर्यंत थांबायचं आणि सगळं एकदम न कापता जेवढं तीन दिवसांत आवरेल तेवढंच पाडायचं. सकाळचं दव उतरल्यावर कापा, पातळ पसरा, दुपारी एकदा उलटा, संध्याकाळी छोटे ढीग करा म्हणजे रात्रीचं दव वरच्यावर राहतं. दुसऱ्या दिवशी पुन्हा पसरा. या गवतांचं ताट बारीक असतं, दोन-तीन दिवसांत काम होतं. चार दिवस उन्हात ठेवून पांढरंफेक करू नका, हिरवट रंग गेला की जीवनसत्त्व अ गेलं.

वाळलं का, हे हाताने कळतं. मूठभर गवत घेऊन दोरीसारखं पिळा. ओलसर असेल तर नुसतं वळतं आणि तळहात गार लागतो. तयार असेल तर पिळताना बारीक आवाज करतं आणि तीन-चार पिळांत तंतू तुटतात. कटकन मोडून भुगा झाला तर जास्त वाळलं. ताटाचं पेरं नखाने खरवडा. साल सुटून ओल दिसली तर अजून एक दुपार हवी, कारण पान आधी वाळतं, पेरं शेवटी. शंका असेल तर काचेच्या कोरड्या बरणीत गवताचे तुकडे आणि तव्यावर भाजलेलं चमचाभर मीठ घालून जोरात हलवा. मीठ मोकळं राहिलं तर ओल १५ टक्क्यांच्या आसपास किंवा खाली आहे. बरणीला चिकटलं, गोळा झालं, तर गंजी लावू नका.

मी एकदा लावली होती. ढग दिसले, घाई झाली, अर्धवट वाळलेलं सगळं उचलून गंजी रचली आणि वर प्लॅस्टिक ओढलं. आठवड्याने जवळून जाताना तंबाखूसारखा, जळक्या गुळासारखा गोड वास आला. पहार आत खुपसली, पाच मिनिटांनी ओढली, तर हात लावता येईना. रातोरात गंजी फोडली म्हणून पेटली नाही. आतलं गवत चहासारखं तपकिरी झालं होतं, आणि गंमत म्हणजे गाईंनी ते आवडीने खाल्लं. मी खूश. पण दूध उतरलं. त्या उष्णतेने प्रथिनं अशी बांधली जातात की पोटात जाऊनही अंगी लागत नाहीत. तेव्हापासून नव्या गंजीत पहिले पंधरा दिवस दर दोन दिवसांनी पहार घालून बघतो.

गंजी दगडांवर किंवा बाभळीच्या फांद्यांवर, जमिनीपासून फूटभर वर रचा. प्लॅस्टिक टाकायचंच तर बाजूने हवा खेळती ठेवा.

नेपियर असं वाळवता येत नाही. जाड ताट बाहेरून खडखडीत आणि आतून ओलं राहतं, गंजीत बुरशी धरतं. जास्तीचं नेपियर कुट्टी करून मुरघासात, म्हणजे हवाबंद दाबून मुरवलेल्या चाऱ्यात, घाला.

म्हणजे नेपियरची जागा कोणती? विहिरीखालचं एकर, आणि तेही सगळं नाही. हिशोब करा. एका गाईला रोज २० किलो हिरवं गवत धरलं तर चौघींना ८० किलो, वर्षाला २९ टन. पाणी आणि शेणखत नीट असेल तर माझ्या अनुभवात नेपियर एकरी ६० टनांच्या घरात सहज जातं. म्हणजे २० गुंठे पुरे. थंडीत ते अडखळतं, डिसेंबर-जानेवारीत कापणी लांबते, म्हणून हवं तर २५ गुंठे करा. उरलेल्यात १० गुंठे लसूणघास, राहुरीचा आरएल-८८ चांगला आहे. बाकी जागेत हंगामाप्रमाणे मका, मुरघासासाठी. लसूणघास ऐच्छिक समजू नका. नेपियरमध्ये ऑक्झलेट असतं, ते रक्तातला चुना बांधतं. नुसत्या नेपियरवरची दुभती गाय व्याल्यावर बसते. लसूणघासात चुना भरपूर. शिवाय रोज ५० ग्रॅम खनिज मिश्रण. पण ओली लसूणघास उपाशी गाईपुढे एकदम टाकू नका, पोट फुगतं. आधी वाळलेली वैरण, मग ती.

वाण कोणता, यावर भांडणं होतात. फुले जयवंत, फुले गुणवंत, धारवाडचा डीएचएन-६, कोइमतूरचे सीओ-४ आणि सीओ-५, उरुळीकांचनच्या बाएफचा बीएनएच-१०, यातला कुठलाही घ्या, ज्याच्या निरोगी कांड्या जवळ मिळतील तो. वैरण आणणारं माणूस घरचं असेल तर पानाला कूस कमी असलेला जयवंत घ्या, हात आणि मान कापत नाहीत. 'सुपर', 'बुलेट' आणि नावापुढे आकडा व 'जी' लावलेल्या कांड्याही संकरित नेपियरच. वाईट असतील असं नाही, पण एका कांडीला कुणी दहा-वीस रुपये सांगत असेल तर हात जोडा. संकरित नेपियर बियाण्याने येत नाही, त्याचं बी वांझ असतं. म्हणून कुणी 'नेपियरचं बी' पाकिटात विकत असेल तर त्यालाही.

तीन महिने जून झालेल्या ताटाची दोन डोळ्यांची कांडी, एक डोळा मातीत, एक वर, थोडी तिरकी. तीन बाय दोन फुटांवर २० गुंठ्यांना ३,६०० कांड्या लागतात. पहिली कापणी दोन-सव्वादोन महिन्यांनी, पुढच्या दर सहा-सात आठवड्यांनी, जमिनीपासून वीतभर ठेवून. लवकर कापलेलं कोवळं नेपियर पाणचट असतं, ऑक्झलेट जास्त, शेण पातळ. उशीर केला की बांबू. प्रत्येक कापणीनंतर शेणाची स्लरी किंवा युरिया द्या. एवढं पीक नेता तर काही परत द्यायला हवं.

नेपियरऐवजी कडवळ, म्हणजे चाऱ्याची ज्वारी, करायचं मनात आलं तर एकच सांगणं. गुडघ्याखालची, पाण्याचा ताण पडलेली किंवा कापल्यावर नवी फुटलेली ज्वारी जनावराला घालू नका. किराळ लागते, म्हणजे कोवळ्या ज्वारीची विषबाधा होते. विष भिनायला अर्धा तासही पुरतो, आणि आपण डॉक्टरला फोन लावेपर्यंत गाय आडवी असते. फुलोऱ्यावर आली की ती भीती बहुतांशी जाते.

शेळ्यांसाठी गवत लावू नका. शेळी खाली मान घालून चरणारं जनावर नव्हे, ती मागच्या पायांवर उभी राहून पाला ओरबाडते. कुंपणाच्या आतल्या कडेने शेवरी, हादगा, सुबाभूळ लावा, नेपियरच्या पाटाला दशरथ घास. उतारावरच्या स्टायलोवर त्यांचा डोळा असेल, तेवढं सांभाळा.

राहिलं लॉन. इथेही हरळीपासूनच सुरू करू. शेतात आपण जिच्या मुळ्या वेचून हैराण होतो, तीच गणपतीला एकवीस जुड्यांनी लागते आणि तीच दख्खनच्या उन्हात सगळ्यात चांगलं लॉन करते. नर्सरीत तिचीच निवडक बारीक पानाची रूपं वेगवेगळ्या नावांनी मिळतात. भरपूर ऊन, मुलांचं खेळणं, पायाखालची वर्दळ, या सगळ्याला ती पुरून उरते, कारण कोंब मातीशी आहे. सावलीत मात्र ती विरते. कडुनिंबाखाली किंवा घराच्या उत्तर बाजूला रुंद पानाचं कार्पेट गवत लावा. मेक्सिकन किंवा कोरियन म्हणून मिळतं ते झोयसिया. दिसायला गालिचा, वाढ मंद, कापणी कमी. पण भरायला वर्ष लागतं, महाग पडतं आणि कापलं नाही तर उंचवटे येतात. खेळायला हवं असेल तर हरळी, बघायला हवं असेल तर झोयसिया.

परदेशातून कुणी ब्लूग्रास, फेस्क्यू, राय असं लॉनचं बी आणून देईल. घेऊ नका. माझ्या एका स्नेह्याने नोव्हेंबरात पुण्याजवळ पेरलं. जानेवारीत त्याचं अंगण इतकं हिरवंगार होतं की मीच चाट पडलो. मार्चमध्ये डाग पडले, एप्रिलअखेर नुसती माती. ही थंड हवेची गवतं आहेत, १५ ते २५ अंशांत रमणारी. न्यू जर्सीत ज्यांचं अंगण आहे त्यांनी तीच लावावीत. तिथे हरळी सहा महिने पिवळी पडून राहील.

पण १,२०० चौरस फूट करू नका, ही माझी खरी विनंती. एक मिलिमीटर पाणी म्हणजे चौरस मीटरला एक लिटर. तुमचं अंगण १११ चौरस मीटर. एप्रिल-मेच्या उन्हात लॉन हिरवं ठेवायला रोज निदान ५ मिलिमीटर हवं, म्हणजे साडेपाचशे लिटर. एक दुभती होल्स्टिन त्याच दिवसांत ७०-८० लिटर पिते. म्हणजे अंगणात आणखी सात गाई बांधल्यासारखं, आणि त्या दूध देणार नाहीत. ३०० चौरस फूट करा, ओट्यासमोर, जिथे संध्याकाळी खरंच बसाल तिथे.

लावण्याआधी तीन आठवडे नुसती माती भिजवत ठेवा. लव्हाळा वर येईल. खाली गाठीपर्यंत खुरप्याने काढा, पुन्हा भिजवा, पुन्हा काढा. हे टाळून विकतची लाल माती आणि तयार चादर पसरली की दोन महिन्यांत लव्हाळा चादर फोडून वर येतो आणि मग तो कायमचा भाडेकरू. हरळीचे वीतभर तुकडे चार-चार इंचांवर टोचा, वर चाळलेलं शेणखत, दोन महिन्यांत जमीन झाकते. कापताना उंचीच्या तिसऱ्या हिश्श्याहून जास्त एका वेळी काढू नका. फवारणी केलेली नसेल तर ते कापलेलं गाईला घाला. आणि लॉन व कांद्याचं रान यांच्यात दोन फूट रुंद फरशीची किंवा सिमेंटची पट्टी टाका, नाहीतर हरळी पुढच्या पावसाळ्यात कांद्यात असेल आणि घरचे तुमचं नाव घेतील.

वेळेचं बघा. नेपियरच्या कांड्या फेब्रुवारी-मार्चमध्ये किंवा पावसाच्या तोंडावर, थंडीत नाही. मारवेलचे ठोंब आणि अंजनचं बी आत्ताच सांगून ठेवा, गवताचं बी कमी बनतं आणि जूनमध्ये संपलेलं असतं. राहुरीच्या विद्यापीठात गवतांवर काम चालतं, तिथे आधी विचारा. अंजनच्या पिशवीवर गेल्या हंगामाची तारीख दिसली तर परत करू नका, तीच घ्या.